कॅमेऱ्यासाठी ओढलेली रापण

प्रश्न : देवगड तालुक्यातलं आमचं गाव. मी पुण्यात नोकरी करते आणि सुट्टीत गावी आले की मोबाइलवर चित्रण करते. शिकलेले काही नाही. रापणीवर, म्हणजे किनाऱ्यावरून माणसांनी ओढायच्या मोठ्या जाळ्यावर, माहितीपट करायचा आहे, पण आमच्याकडे गेली काही वर्षं रापण ओढलीच गेली नाही, जाळं मांगरात, म्हणजे खोपटात, पडून आहे. आजोबांच्या वयाचे रापणकर म्हणतात, "तुझ्यासाठी एक दिवस ओढू." असं मुद्दाम करवून घेतलेलं चालतं का? ही फसवणूक होत नाही ना?

उत्तर : चालतं. फक्त मी केलं तसं करू नका.

मीही कुठे शिकलो नाही. मामाच्या फोटो स्टुडिओत लग्नं चित्रित करता करता हात बसला. लग्नवाल्यांची खोड अशी की क्षण निसटला तर तो पुन्हा करवून घ्यायचा. हार पुन्हा घाला, अक्षता पुन्हा टाका. तीच खोड घेऊन मी पहिल्या माहितीपटासाठी रापण ओढवली. जाळ्यात आले मूठभर पेडवे आणि शेवाळ. मला हवे होते चमचमणारे बांगडे. मग बाजारातून दोन टोपल्या आणून जाळ्यात ओतल्या, वर पाण्याचे हबके मारले आणि जवळून टिपलं. देवळाच्या सभामंडपात खेळ लावला, तर पुढे बसलेली एक आजी मोठ्याने म्हणाली, "रे झिला, हे बर्फातले बांगडे! डोळे बघ तेंचे." सगळा मंडप हसला. पुढचा अर्धा तास खरा होता, पण तोही मग कुणी खरा मानला नाही.

या वाटेने थोर माणसंही गेली आहेत, हे नंतर कळलं. माहितीपटकार रॉबर्ट फ्लॅहर्टीच्या 1934 सालच्या 'मॅन ऑफ अरान'मध्ये आयर्लंडच्या पश्चिमेकडच्या बेटांवरचे लोक अजस्र शार्क मासे भाल्याने मारताना दिसतात. ती शिकार तिथे कित्येक दशकांपूर्वी बंद पडली होती. चित्रणासाठी बेटकऱ्यांना ती नव्याने शिकवावी लागली. पडद्यावरचं कुटुंबही जुळवलेलं. समुद्र मात्र असा टिपलाय की मी तो चित्रपट पुन्हा पुन्हा बघतो, आणि दर वेळी वाटतं, ती माणसं आजोबांचं काम शिकत होती, ते का नाही दाखवलं?

तुमच्याकडे नेमकं तेच आहे. मांगरातून जाळं बाहेर निघतं तिथे कॅमेरा सुरू करा. उंदरांनी कुठे कुरतडलंय, शिवायला कोण बसतं, कुणाचा हात अजून सुईवर चालतो. होडी अर्धगोल घेत जाळं सोडते. एक दोरी आधीच किनाऱ्यावर असते, दुसरी होडी आणून देते, मग दोन्ही रांगा ओढत ओढत एकमेकींजवळ येतात. ऐकायला एवढंच, पण याला माणसं भरपूर लागतात आणि तरुण मुंबईत. कुणी कुणाला बोलावलं, कोण नाही म्हणालं, हे ठेवा. कोण कुठे उभा राहायचा यावरून "तू तेवा खंय होतंस?" अशी जुंपली, तर ती अजिबात कापू नका. मासळी नाही आली तर रिकामं जाळं दाखवा. पर्ससीनचा, म्हणजे माशांचा अख्खा थवा वेढून उचलणाऱ्या यांत्रिक नौकांच्या जाळ्यांचा, विषय मग आपोआप निघेल. 2016 च्या फेब्रुवारीत राज्य सरकारने पर्ससीनवर निर्बंध घातले, त्याचं पुढे काय झालं हे म्हातारे तुम्हाला न विचारता सांगतील. आणि 'ही रापण माझ्यासाठी ओढली' हे तुमच्याच आवाजात सुरुवातीला येऊ द्या.

पैसे दिले की माहितीपट बाटतो, असं मानणारे आहेत. मला ते पटत नाही. रापणीत वाट्याची रीत आहे: जाळ्याचा, होडीचा, ओढणाऱ्याचा. त्या दिवशी मासळी नसेल तर वाटा तुम्ही द्या, आणि वाटणी करतानाचंही चित्रण करा. चहा-भजी वेगळी.

पावसात मात्र हट्ट धरू नका. 1 जून ते 31 जुलै यांत्रिक नौकांना मासेमारीबंदी असते. रापणीची होडी वल्ह्यांची असली तरी त्या समुद्रात म्हाताऱ्यांना कशाला उतरवायचं? ते दोन महिने जाळं शिवण्याचे.

प्रश्न : बंदरावरच्या मुलाखतींत वाऱ्याचा घोंघाट येतो. महागडा माइक घ्यावा का? (श्रीवर्धन)

उत्तर : आधी वेळ बदला. सकाळी मतलई वारे असतात, जमिनीकडून येणारे आणि बहुधा मंद. दुपारी खारे वारे सुटले की कुठलाही माइक रडतो. मी मुलाखती नऊच्या आत उरकतो, माणसाला ओढून ठेवलेल्या होडीच्या आडोशाला बसवून. कॉलर माइकला केसाळ टोपी घाला, ती स्वस्त मिळते.

तुम्ही विचारलं नाही, तरी एक सांगतो. लेन्सवर खारे शिंतोडे उडाले तर कोरडं पुसू नका, मिठाचे कण ओरखडे काढतात. गोड्या पाण्यात भिजवून पिळलेलं मऊ फडकं आधी फिरवा. माझी पहिली लेन्स बहिणीच्या ओढणीने गेली. ओढणीवर टिकल्या होत्या, हेही माझ्या लक्षात आलं नव्हतं.