झगे कुणाच्या पैशाचे?

प्रश्न : बर्त्रां बोनेलो यांचा २०११ चा ‘लापोलोनीद’ हा चित्रपट पाहिला. १९०० च्या आसपासचं पॅरिस, उंची कुंटणखाना, शँपेन, मखमल. एवढी कमाई असताना या बाया निघून का जात नाहीत? आणि त्या काळात १९६७ चं इंग्रजी गाणं कसं चालतं? – एक वाचक

उत्तर : कमाई होती हो, पण हिशेब मालकिणीच्या हातात! मोठा वाटा तीच कापून घ्यायची. शिवाय झगे, अत्तर, साबण तिच्याकडूनच घ्यायचे, तेही ती सांगेल त्या भावानं, आणि ते सगळं उधारीवर चढायचं. देणं फिटेपर्यंत जाणार कुठे? या चित्रपटाच्या वेशभूषेसाठी आनाईस रोमां यांना सेझार हा फ्रेंच चित्रपटसृष्टीचा पुरस्कार मिळाला. तो रास्तच होता. मात्र पुन्हा पाहाल तेव्हा एकेका झग्याची रक्कम कुणाच्या नावावर पडली असेल, एवढं मनात धरून बघा.

त्यात पोलिसांच्या दफ्तरी नाव. या घरांना सरकारची रीतसर मुभा होती, म्हणून बायांची वैद्यकीय तपासणी सक्तीची. आजार निघाला की रवानगी सेंट-लाझारच्या तुरुंगातल्या रुग्णालयात. आणि तो आजार देऊन गेलेलं गिऱ्हाईक? त्याला कुणी तपासत नसे. चित्रपटातला डॉक्टरचा प्रसंग मला सगळ्यात जास्त बोचला तो यामुळेच.

तुम्हाला मखमल दिसली, मला ताटकळणं दिसलं. चित्रकार तुलूझ-लोत्रेकनं १८९४ साली अशाच एका घराचा दिवाणखाना रंगवला. त्यातही बाया नुसत्या बसून आहेत, कंटाळलेल्या.

गाणं मला खटकलं नाही. बाया एकमेकींना धरून नाचत असताना साल बघायचं भान कुणाला असतं? खटकला तो शेवट. एकदम आजचं पॅरिस, रस्त्याच्या कडेला उभी बाई. फ्रान्सनं १९४६ च्या कायद्यानं ही घरं बंद केली, धंदा रस्त्यावर गेला, हे खरंच. पण ‘त्यापेक्षा ते घर बरं’ असा सूर त्यातून निघतो. आधीचे दोन तास दिग्दर्शकानं जे दाखवलं, त्यालाच तो छेद देतो.

आणि हो, कुणाला सुचवणार असाल तर त्यातल्या मादलेन नावाच्या बाईच्या चेहऱ्यावर सुरी चालते, त्या प्रसंगाची आधीच कल्पना द्या.