रॉकेलमुळे देवमासे वाचले, हे खरं आहे का?

अर्धंच खरं. त्याआधी दिव्यांत देवमाशाचं तेल जळायचं. 1859 मध्ये पेनसिल्व्हेनियात खनिज तेलाची विहीर लागली आणि दिव्यासाठी स्वस्त रॉकेल मिळू लागलं, तशी देवमाशांच्या शिकारीवर जगणाऱ्या न्यू बेडफर्डसारख्या अमेरिकन बंदरांची भरभराट ओसरत गेली. पण मासे वाचले म्हणणं धाडसाचंच.

त्या जुन्या शिकारी जहाजांवर डेकवरच विटांची चूल असायची. चरबीचे तुकडे मोठ्या कढयांत कढवायचे, तेल पिंपांत भरायचं आणि उरलेला कुरकुरीत चोथा त्याच चुलीत जळण म्हणून सारायचा. म्हणजे माशाचं तेल माशावरच निघायचं! पण वल्ह्यांच्या होडीतून हाताने भाला फेकणाऱ्यांना निळा देवमासा सहसा हाती लागत नसे. तो वेगवान, आणि मेला की बहुधा बुडायचा.

नॉर्वेच्या स्वेन फॉइनने 1870 च्या सुमारास हे गणित बदललं. वाफेची बोट, तोफेतून सुटणारा स्फोटक भाला, आणि मेलेला मासा तरंगावा म्हणून त्यात हवा भरायची. पुढे 1925 पासून अख्खा मासा मागच्या उतरणीवरून वर ओढून घेणारी कारखाना-जहाजं अंटार्क्टिकात गेली. तेल आता दिव्यात नाही, मार्गारीन (लोण्याऐवजी वापरायचा पदार्थ) आणि साबणात जात होतं. 1930-31 च्या एकाच हंगामात तिथे 29 हजारांच्या आसपास निळे देवमासे मारले गेले. विसाव्या शतकाचा एकूण आकडा 30 लाखांच्या घरात जातो, रॉकेल आल्यानंतरचा!

व्यापारी शिकारीवरची बंदी 1982 मध्ये ठरली, 1986 पासून लागू झाली. नॉर्वे, आइसलँड आणि जपान मात्र आजही ती जुमानत नाहीत.