गेमच्या फाइल्स नेमक्या कुठे असतात, आणि सी ड्राइव्ह भरला तर गेम डी ड्राइव्हवर कसा हलवायचा?

विंडोज धरून सांगतो. शोधाशोध करत बसू नका, लाँचरलाच (गेम उतरवायचं आणि चालू करायचं अ‍ॅप, जसं स्टीम किंवा एपिक) विचारा. स्टीममध्ये लायब्ररीत गेमवर राइट क्लिक, मग मॅनेज, मग ब्राउझ लोकल फाइल्स. थेट फोल्डर उघडतो. तो बहुतेक वेळा स्टीमअ‍ॅप्समधल्या कॉमन फोल्डरात असतो. एपिकचे गेम सहसा प्रोग्रॅम फाइल्समधल्या एपिक गेम्समध्ये सापडतात. लाँचर नसेल तर डेस्कटॉपवरच्या शॉर्टकटवर राइट क्लिक करून ओपन फाइल लोकेशन.

हलवायचं असेल तर फोल्डर कट-पेस्ट करू नका, लाँचरला तो गेम सापडेनासा होतो. स्टीममध्ये आधी सेटिंग्जमधल्या स्टोरेजमध्ये डी ड्राइव्ह जोडा, मग गेमच्या प्रॉपर्टीजमध्ये इन्स्टॉल्ड फाइल्सखाली मूव्हचं बटण आहे. पन्नास-साठ जीबीचा गेम जुन्या हार्ड डिस्कवर जायला वेळ घेतो, मध्येच बंद करू नका.

आता खरी मेख: सेव्ह फाइल्स (गेममधली तुमची प्रगती ज्यात साठते त्या) बऱ्याचदा गेमच्या फोल्डरात नसतातच. डॉक्युमेंट्समधला माय गेम्स, सेव्ह्ड गेम्स किंवा अ‍ॅपडेटा, यांपैकी कुठेतरी असतात. अ‍ॅपडेटा लपवलेला असतो. एक्सप्लोररच्या व्ह्यू मेनूतून हिडन आयटम्स चालू केलं की दिसतो. त्यामुळे गेम काढला तरी सेव्ह अनेकदा तिथेच पडून राहतात. काही गेम मात्र सेव्ह स्वतःच्याच फोल्डरात ठेवतात (जुने तर बऱ्याचदा), म्हणून अनइन्स्टॉल करण्याआधी दोन्हीकडे बघा आणि सेव्हची कॉपी पेनड्राइव्हवर घ्या. क्लाउड सेव्ह, म्हणजे सेव्हची इंटरनेटवर आपोआप राहणारी कॉपी, प्रत्येक गेमला नसतं.