गेम काढला, तरी जागा का मोकळी होत नाही?

प्रश्न : माझा मुलगा यंदा बारावीला आहे. परीक्षा होईपर्यंत लॅपटॉपवरील गेम काढून टाकायचा, असे आम्ही दोघांनी मिळून ठरवले. त्याने माझ्यासमोर गेमचे फोल्डर डिलीट केले आणि रिसायकल बिनही रिकामी केली. तरीसुद्धा प्रोग्रॅमच्या यादीत गेमचे नाव कायम आहे, अनइन्स्टॉल दाबले की फाइल सापडत नाही असा संदेश येतो आणि २५६ जीबीच्या एसएसडीवर जेमतेम १९ जीबी जागा मोकळी दिसते. बर्डीवरच्या एका दुरुस्तीवाल्याने फॉरमॅटच करावे लागेल असे सांगितले. ते खरेच आवश्यक आहे का?
— एक पालक, मानेवाडा, नागपूर

उत्तर : फॉरमॅटची मुळीच गरज नाही. आपल्या चिरंजीवांनी काम प्रामाणिकपणे केले, फक्त क्रम उलटा झाला. गेम बसवताना इन्स्टॉलर कोणती फाइल कोठे ठेवली याची नोंद करून ठेवतो आणि काढण्यासाठी लागणारा अनइन्स्टॉलर बहुतेक वेळा गेमच्याच फोल्डरमध्ये असतो. फोल्डर आधी पुसल्यामुळे तो अनइन्स्टॉलरही त्याच्याबरोबर गेला, आणि विंडोजच्या यादीत मात्र त्याचा पत्ता तसाच राहिला. त्या पत्त्यावर आता कोणी राहत नाही, एवढाच त्या संदेशाचा अर्थ आहे.

हे नाव यादीतून काढण्यासाठी सेटिंग्जऐवजी जुन्या कंट्रोल पॅनलमधील ‘प्रोग्रॅम्स अँड फीचर्स’ उघडावे आणि तेथून अनइन्स्टॉल करून पाहावे. अनइन्स्टॉलर सापडला नाही, की बहुधा विंडोज स्वतःच विचारते की हा प्रोग्रॅम कदाचित आधीच काढला गेला असावा, तर त्याचे नाव यादीतून वगळायचे का; तेथे होकार द्यावा. गेम स्टीम या गेम विकणाऱ्या ऑनलाइन दुकानाच्या प्रोग्रॅममधून घेतलेला असेल, तर स्टीमच्या लायब्ररीत तो अजूनही बसवलेला असल्याचे दिसत असेल, कारण स्टीमची नोंद गेमच्या फोल्डरमध्ये नसून ‘स्टीमअ‍ॅप्स’ या फोल्डरमधील एका लहानशा फाइलमध्ये असते. लायब्ररीत गेमच्या नावावर माउसची उजवी कळ दाबून ‘मॅनेज’मधील अनइन्स्टॉल निवडले, की ती नोंदही जाते. या भरात कोणी स्टीमच काढायला निघाले, तर मात्र थांबवावे. स्टीम अनइन्स्टॉल करताना त्याच्या फोल्डरमध्ये बसवलेले इतर सगळे गेमही जातात.

आता जागेचा प्रश्न. आधी एक गैरसमज दूर करतो: २५६ जीबीची एसएसडी विंडोजमध्ये सुमारे २३८ जीबीच दिसते. उत्पादक एक जीबी म्हणजे १०० कोटी बाइट धरतात आणि विंडोज १०२४च्या पटीत मोजते, त्यामुळे ही तफावत पडते. ते अठरा जीबी कोणत्याही गेमने खाल्लेले नाहीत.

उरलेल्या फाइली दोन प्रकारच्या असतात. अनइन्स्टॉलर फक्त इन्स्टॉलरने ठेवलेल्या फाइली उचलतो. खेळताना गेमने नव्याने लिहिलेल्या किंवा खेळणाऱ्याने वरून टाकलेल्या फाइलींना तो सहसा हात लावत नाही. खेळाची प्रगती, म्हणजे ज्याला मुले ‘सेव्ह’ म्हणतात, ती तर बहुतेक गेम जाणूनबुजून मागे ठेवतात, कारण आज काढलेला गेम माणूस सहा महिन्यांनी पुन्हा बसवतो असा त्यांचा अनुभव असतो. म्हणून आपल्या मुलाने नीट क्रमाने अनइन्स्टॉल केले असते, तरी हे अवशेष राहिलेच असते.

ते शोधण्याच्या जागा ठरलेल्या आहेत. ‘डॉक्युमेंट्स’मध्ये, विशेषतः तेथील ‘माय गेम्स’ या फोल्डरमध्ये पाहावे. मग आपल्या नावाच्या यूझर फोल्डरमधील ‘सेव्ह्ड गेम्स’ पाहावे. आणि शेवटी ‘अ‍ॅपडेटा’. हे शेवटचे फोल्डर विंडोज लपवून ठेवते. विंडोजची कळ आणि ‘आर’ एकत्र दाबून येणाऱ्या चौकटीत टक्क्याचे चिन्ह, लगेच इंग्रजी अक्षरांत ‘अ‍ॅपडेटा’ आणि पुन्हा टक्क्याचे चिन्ह लिहून एंटर दाबले, की त्यातील ‘रोमिंग’ हा भाग उघडतो. तेथून एक पायरी वर गेले, की ‘लोकल’, ‘लोकललो’ आणि ‘रोमिंग’ असे तिन्ही दिसतात. युनिटी या इंजिनवर, म्हणजे गेम बनवण्याच्या सॉफ्टवेअरवर, बनवलेले गेम बहुधा ‘लोकललो’मध्ये लिहितात, तर अनरिअल इंजिनवरचे गेम ‘लोकल’मध्ये स्वतःचे फोल्डर करून त्यात ‘सेव्ह्ड’ नावाचा कप्पा ठेवतात. येथे पुष्कळ जण चकतात, कारण बाहेरच्या फोल्डरवर अनेकदा गेमचे नाव नसून तो बनवणाऱ्या कंपनीचे नाव असते. नागपूरच्या महाल भागातील जुन्या वाड्यांना मालकाच्या नावाने ओळखतात, भाडेकरूच्या नाही. तसाच हा प्रकार. कंपनीचे दुसरे गेम लॅपटॉपवर असतील, तर पूर्ण वाडा न पाडता आपल्या गेमची खोली तेवढी रिकामी करावी.

तरीही खरे सांगायचे, तर या सर्व फाइली मिळून आपली एसएसडी भरेल असे मला वाटत नाही. सेव्हच्या फाइली सहसा लहानच असतात. मोठी जागा वेगळ्याच ठिकाणी अडकलेली असते. पहिली जागा ‘डाउनलोड्स’: गेम बसवण्यासाठी उतरवलेला मूळ इन्स्टॉलर तेथे तसाच पडून असतो आणि गेमच्या फोल्डरशी त्याचा काहीही संबंध नसतो. दुसरी जागा ‘व्हिडिओज’मधील ‘कॅप्चर्स’: विंडोजच्या गेम बारने केलेली खेळाची चित्रीकरणे तेथे साठतात आणि मुलांच्या ती लक्षातही राहत नाहीत. तिसरी जागा स्टीम वापरणाऱ्यांसाठी, ‘स्टीमअ‍ॅप्स’मधील ‘कॉमन’ आणि ‘वर्कशॉप’; मुलाने मॉड, म्हणजे गेममध्ये बदल करणाऱ्या जोडफाइली, टाकले असतील, तर त्यांच्या फाइली गेम गेल्यावरही तेथे राहू शकतात. ‘वर्कशॉप’मधील फोल्डरांना गेमची नावे नसून क्रमांक असतात, तोच क्रमांक स्टीमच्या दुकानात त्या गेमच्या पानाच्या पत्त्यात दिसतो, त्यामुळे ओळख पटवणे सोपे जाते. कोठून सुरुवात करावी हे कळत नसेल, तर सेटिंग्जमधील ‘सिस्टिम’ आणि मग ‘स्टोरेज’ येथे जागेचा ढोबळ हिशेब मिळतो. विनडरस्टॅट हा विनामूल्य प्रोग्रॅम तोच हिशेब फोल्डरनिहाय, चित्रासह दाखवतो.

दोन सूचना. सेव्हचे फोल्डर पुसण्यापूर्वी त्याची प्रत पेनड्राइव्हवर घ्यावी आणि ती मुलाच्या हाती द्यावी. परीक्षेपुरता गेम काढायचा असे दोघांनी ठरवले आहे, वर्षभराची प्रगती पुसायची असे नाही, आणि या दोहोंतला फरक त्याला आपल्यापेक्षा अधिक जाणवेल. दुसरे असे, की अनेक लॅपटॉपवर ‘डॉक्युमेंट्स’ हे फोल्डर वनड्राइव्हला, म्हणजे मायक्रोसॉफ्टच्या क्लाउडवरील (इंटरनेटवरील) साठवणुकीला, जोडलेले असते. तेथून पुसलेली फाइल क्लाउडवरूनही जाते. वनड्राइव्हच्या वैयक्तिक खात्यात ती तेथील रिसायकल बिनमध्ये ३० दिवस राहते, म्हणून चुकून अभ्यासाच्या नोट्स गेल्याच तर घाबरू नये, पण महिना उलटूही देऊ नये.

प्रश्न : मी नेमबाजीचा एक ऑनलाइन गेम रीतसर अनइन्स्टॉल केला, तरी संगणक सुरू झाला की घड्याळाशेजारी एक चिन्ह येते आणि ते त्याच गेमचे आहे असे मित्र म्हणतात. रजिस्ट्री साफ करणारा प्रोग्रॅम चालवावा, असा त्यांचा सल्ला आहे. चालवू का?
— अभियांत्रिकीचा एक विद्यार्थी, हिंगणा रोड, नागपूर

उत्तर : तुम्ही गेमचे नाव लिहिलेले नाही, पण वर्णनावरून तो चिटिंग रोखणारा प्रोग्रॅम, म्हणजे अँटी-चीट असावा. हे प्रोग्रॅम गेमबरोबर येतात, पण स्वतंत्रपणे बसतात. २०२०मध्ये आलेल्या व्हॅलोरंट या रायट कंपनीच्या नेमबाजीच्या गेमसोबतचा व्हॅनगार्ड हे त्याचे ठळक उदाहरण: त्याचा ड्रायव्हर विंडोजच्या गाभ्यात, कर्नलच्या पातळीवर चालतो आणि मुळात संगणक सुरू होतानाच सुरू व्हावा अशी त्याची रचना केलेली आहे. तो ‘इन्स्टॉल्ड अ‍ॅप्स’च्या यादीत रायट व्हॅनगार्ड या नावाने वेगळा दिसतो आणि तेथूनच वेगळा काढायचा असतो. मात्र २०२४पासून लीग ऑफ लिजेंड्सलाही तोच लागतो, तेव्हा तो गेम खेळत असाल तर काढू नका. ईझी अँटी-चीट आणि बॅटलआय हे अँटी-चीटही अनेक गेममध्ये सामाईक असतात. बाकीचे गेम पाहूनच त्यांचा निर्णय घ्या. यांपैकी कोणाचेही फोल्डर हाताने पुसण्याच्या फंदात पडू नका, कारण चालू ड्रायव्हरच्या फाइली विंडोज सोडत नाही आणि अर्धवट पुसलेला प्रोग्रॅम काढणे पूर्ण प्रोग्रॅम काढण्यापेक्षा अवघड जाते.

रजिस्ट्रीच्या, म्हणजे विंडोज आणि प्रोग्रॅमच्या सेटिंग्जच्या नोंदवहीच्या, बाबतीत मित्रांचे ऐकू नका. गेमच्या मागे राहिलेल्या काही नोंदी तेथे असतात हे खरे, पण त्या काही केबींच्या असतात. त्या पुसून ना जागा मिळते, ना संगणक जाणवण्याइतका वेगवान होतो. उलट साफ करणाऱ्या प्रोग्रॅमने एखादी चालू नोंद उचलली, तर बिघाड कशामुळे झाला हे शोधणेही कठीण होते. खुद्द मायक्रोसॉफ्ट अशा प्रोग्रॅमच्या वापराला पाठिंबा देत नाही. याच उत्साहात लोक प्रोग्रॅमच्या यादीतील ‘व्हिज्युअल सी प्लस प्लस रिडिस्ट्रिब्युटेबल’च्या आठ-दहा नोंदी एकसारख्या दिसतात म्हणून काढून टाकतात आणि नंतर दुसराच एखादा गेम किंवा कॉलेजचे एखादे सॉफ्टवेअर उघडेनासे होते. त्या वेगवेगळ्या आवृत्त्या आहेत आणि वेगवेगळ्या प्रोग्रॅमना लागतात. त्यांना हात लावू नका.

प्रश्न : मला एक गेम अगदी पहिल्यापासून खेळायचा होता, म्हणून तो काढला, सेव्हचे फोल्डरही पुसले आणि पुन्हा बसवला, तरी जुनीच प्रगती परत आली. हे कसे?
— एक वाचक, मनीषनगर, नागपूर

उत्तर : ती क्लाउडवरून परत आली. स्टीमवरील अनेक गेम सेव्हची एक प्रत स्टीमच्या सर्व्हरवर ठेवतात आणि गेम पुन्हा बसवला, की ती उतरवून घेतात. लायब्ररीत त्या गेमच्या ‘प्रॉपर्टीज’मधील ‘जनरल’ या भागात क्लाउडची खूण काढा आणि त्यानंतर सेव्हचे फोल्डर पुसा. अर्थात बहुतेक गेममध्ये ‘न्यू गेम’ हा पर्याय असतोच, तो एकदा पाहायला हरकत नाही.

प्रश्न : उन्हाळ्याच्या सुट्टीत आलेल्या नातवाने माझ्या अँड्रॉइड फोनवर एक गेम टाकला होता. तो परत गेल्यावर मी तो काढून टाकला, तरी दर महिन्याला खात्यातून रक्कम वजा होत आहे. गेमचे काही फोनमध्ये शिल्लक राहिले आहे का?
— एक आजोबा, धरमपेठ, नागपूर

उत्तर : फोनमध्ये फारसे काही शिल्लक नसावे. अँड्रॉइडवर अ‍ॅप काढले, की त्याचा स्वतःचा डेटाही सहसा प्रणालीच पुसते. गॅलरीत खेळाची चित्रीकरणे असतील, तर ती तेवढी हाताने काढावी लागतील. शिल्लक आहे ती वर्गणी, आणि ती फोनमध्ये नसून आपल्या गूगल खात्यात आहे. अ‍ॅप काढल्याने वर्गणी रद्द होत नाही. प्ले स्टोअर उघडून वर उजवीकडील आपल्या खात्याचे चिन्ह दाबावे, ‘पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्स’मध्ये जाऊन त्या गेमची वर्गणी रद्द करावी, पुढच्या हप्त्याच्या तारखेआधी रद्द केल्यास ती रक्कम जात नाही. ती तेथे दिसली नाही, तर नातवाने यूपीआयवरून थेट परवानगी दिली असण्याची शक्यता आहे. तेव्हा आपल्या यूपीआय अ‍ॅपमध्ये ‘ऑटोपे’ हा भाग उघडावा आणि त्या गेमच्या नावाची मंजुरी तेथून रद्द करावी. यूपीआय पिन नातवाला ठाऊक असल्यास तोही त्याच बैठकीत बदलून घ्यावा.