घरी केलेला कबसा बिर्याणीसारखा का लागतो?

तुम्ही विचारलं आहे की कबसा हा अरबी चिकन-भात दोनदा घरी केला, मसाले सगळे आठवणीने घातले, तरी चव बिर्याणीचीच आली. घरात ओव्हन नाही, काळं लिंबू मिळत नाही, मग तो साधेपणाने जमेल का?

जमेल. कुठे चुकलं असेल याचाही अंदाज मला आहे, कारण पहिली दोन वर्षं मीही तिथेच चुकत होते. तुम्ही आलं-लसूण-मिरचीचं वाटण घातलं असणार. दही लावून कोंबडी मुरत ठेवली असणार, कांदा तपकिरी होईपर्यंत तळला असणार आणि वरून पुदिना पेरला असणार. आपला हात आपोआप तिकडेच जातो. या सगळ्यातून उत्तम बिर्याणी होते, कबसा होत नाही.

आम्ही 2009 ते 2017 सौदी अरेबियात दम्मामला होतो. खालच्या मजल्यावर अल-अहसाकडचं, हफूफ शहरातलं कुटुंब राहायचं. अल-अहसा म्हणजे खजुराच्या बागांचं प्रचंड मोठं ओअ‍ॅसिस. तिथे तांबूस रंगाचा हसावी तांदूळ पिकतो. तो महाग असतो आणि बाळंतिणीला मुद्दाम करून घालतात, असं शेजारीण सांगायची. ऐकताना मला आपल्याकडची अळिवाची खीर आठवली होती. शुक्रवारी दुपारच्या नमाजानंतर त्यांच्याकडे मोठं जेवण असायचं आणि एक झाकलेलं ताट आमच्याकडे वर यायचं. ती मला 'या उख्ती' म्हणायची, म्हणजे 'अगं बहिणी'. एकदा मी हौसेने माझा कबसा खाली पाठवला. तिने सगळा संपवला, भांडं घासून परत केलं आणि म्हणाली, "फार छान झाली होती तुझी बिर्याणी." मग पुढच्या शुक्रवारी सकाळी मला स्वयंपाकघरात बोलावून स्टुलावर बसवलं आणि म्हणाली, बघ.

मी जे पाहिलं ते माझ्या माहेरच्या भाषेत एका शब्दात सांगता येतं: अळणी. माझं माहेर कोल्हापूरचं. आमच्याकडे मटण आधी कांदा, हळद, मीठ घालून पाण्यात शिजवतात आणि त्या पाण्याला अळणी म्हणतात. पोरांना वाटीतून प्यायला देतात, आजाऱ्याला देतात, मग उरलेल्याचा रस्सा. कबसा म्हणजे अरबी मसाल्यांच्या अळणीत शिजलेला भात. बिर्याणीत भात वेगळा उकळून मसाल्यावर रचला जातो. इथे भाताला साधं पाणी लागतच नाही, त्याला लागतो तो कोंबडीचा अर्क. म्हणून सगळं लक्ष त्या पाण्यावर ठेवा. ते पिऊन बघितल्यावर आणखी एक वाटी प्यावंसं वाटलं, तर भात बिघडणं कठीण.

आता कोंबडी. सव्वा किलोची आख्खी घ्या आणि दुकानदाराला आधीच सांगा की कातडं काढायचं नाही. आपल्याकडे तो सवयीने सोलूनच टाकतो आणि कबशाची निम्मी चव तिथे कचऱ्यात जाते. तुकडे फक्त चार करून घ्या. बारीक तुकडे पाण्यात विरघळतात, हाडं भातात सापडत राहतात. गावठी कोंबडी मिळाली तर उत्तमच, तिचं पाणी ब्रॉयलरपेक्षा कितीतरी गोड लागतं, पण शिजायला दीड-दोन तास धरा. कुकर लावूच नका. ब्रॉयलर कुकरमध्ये धागे-धागे होतं आणि नंतर खरपूस भाजताच येत नाही.

जाड बुडाच्या पातेल्यात तीन मोठे चमचे तेल आणि एक चमचा तूप तापवा. दोन मोठे कांदे चिरून टाका आणि कडा सोनेरी दिसल्या की थांबा. त्यात सहा ठेचलेल्या हिरव्या वेलच्या, दोन इंच दालचिनी, पाच लवंगा, दहा-बारा मिरे, दोन तमालपत्रं. लसणाच्या चार पाकळ्या बारीक चिरून चालतील, वाटून नकोत. कोंबडीचे तुकडे कातडीची बाजू खाली करून ठेवा आणि दोन्ही बाजूंनी रंग येईपर्यंत हात लावू नका. मग दोन छोटे चमचे धने पूड, एक जिरे पूड, अर्धा चमचा हळद, दोन किसलेले टोमॅटो, एक मोठा चमचा टोमॅटो पेस्ट, एक किसलेलं गाजर. गाजर तिच्याकडे नेहमी असायचं. त्याची गोडी पाण्यात उतरते आणि रंगही छान येतो. लाल तिखट नाही, गरम मसाला नाही, हिरवी मिरचीही नाही. हात आवरणं हेच पहिल्यांदा सगळ्यात अवघड जातं.

वरून सात वाट्या उकळतं पाणी, अडीच छोटे चमचे मीठ आणि दोन काळी लिंबं (त्यांच्याबद्दल शेवटी सांगते). उकळी आली की फेस काढून टाका, झाकण ठेवा आणि अगदी मंद आचेवर 35 ते 40 मिनिटं विसरून जा. खळखळ उकळलं तर पाणी गढूळ होतं आणि मांस घट्ट. चव बघा, पाणी पिण्यासाठी किंचित जास्त खारट वाटायला हवं, कारण भात मीठ ओढून घेतो. पहिल्या वेळी मी पाणी बेताचं खारट ठेवलं आणि भात सपक झाला. भात शिजल्यावर वरून मीठ घालून ते सावरत नाही.

तांदूळ जुना बासमती, तीन वाट्या. धुऊन अर्धा तास भिजवून पूर्ण निथळून घ्या. आंबेमोहोर किंवा इंद्रायणी माझ्याही जिवाभावाचे आहेत, पण ते चिकटतात आणि इथे शीत न् शीत सुटं हवं. तिकडे घरोघरी सेला म्हणजे उकडा तांदूळही वापरतात, तो मोडत नाही. तो घेतलात तर तासभर भिजवा आणि पाणी थोडं वाढवा. गंमत अशी की आखाती देशांतल्या पातेल्यांत शिजणारा बासमती मोठ्या प्रमाणात भारतातूनच जातो. दम्मामच्या दुकानात आपल्याकडच्या पोत्यांची थप्पी बघून मला पहिल्या आठवड्यात फार बरं वाटलं होतं.

कोंबडी बाहेर काढा. पातेल्यातलं पाणी मोजा: तीन वाट्या भिजवलेल्या बासमतीला साडेचार वाट्या. कमी पडलं तर गरम पाणी घाला, जास्त असेल तर काढून बाजूला ठेवा, प्यायला उपयोगी येतं. उकळी आणून तांदूळ घाला, एकदाच हलक्या हाताने हलवा. पाणी तांदळाच्या पातळीला आलं आणि भातावर छिद्रं दिसू लागली की घट्ट झाकण ठेवून, खाली तवा सारून, मंद आचेवर 12 ते 15 मिनिटं. गॅस बंद केल्यावर आणखी दहा मिनिटं झाकण उघडायचं नाही.

ती दहा-पंधरा मिनिटं कोंबडीसाठी आहेत. ओव्हन नाही याची अजिबात खंत करू नका. लोखंडी तवा चांगला तापवा, तूप सोडा. कोंबडीला थोडी टोमॅटो पेस्ट, तूप आणि असेल तर कोमट पाण्यात भिजवलेलं केशर चोळा, आणि कातडीची बाजू खाली ठेवून चार-पाच मिनिटं भाजा. कातडी कुरकुरीत झाली की उलटा. त्याच तव्यात मूठभर बदाम आणि मनुका परता. मनुका टम्म फुगल्या की लगेच काढा, क्षणात करपतात.

मोठ्या परातीत भात पसरा, वर कोंबडी, त्यावर बदाम-मनुका. तिकडे जमिनीवर सुफरा, म्हणजे जेवणाची चादर, अंथरतात आणि सगळे एकाच तबकाभोवती बसून उजव्या हाताने आपापल्या समोरचं खातात. यजमान चांगला तुकडा तोडून पाहुण्याच्या बाजूला सरकवत राहतो. आपल्या पंगतीतला आग्रह मला तिथे जसाच्या तसा भेटला.

तिखटाशिवाय घशाखाली उतरणार नाही, असं घरातलं कुणीतरी म्हणेलच. त्यासाठी दक्कूस आहे. तीन टोमॅटो, दोन लसूण पाकळ्या, दोन-तीन हिरव्या मिरच्या, मीठ आणि लिंबाचा रस, मिक्सरमध्ये एकदा-दोनदाच फिरवून भरड ठेवायचं. सगळं तिखट या वाटीत असतं आणि ज्याला जेवढं हवं तेवढं तो भातावर घेतो. सोबत दह्यातली काकडी, आपली कोशिंबीर फोडणीशिवाय.

कुवेत, बहरीन, कतार, अमिरातीत याच जातीच्या भाताला मचबूस म्हणतात. मंदी मात्र वेगळी, ती येमेनच्या हदरमौतकडची. तिथे जमिनीतल्या भट्टीत मांस टांगतात आणि त्याचा रस खालच्या भातात टपकतो. हैदराबादच्या बारकस भागात निजामाच्या चाकरीत आलेल्या हदरमी अरबांचे वंशज राहतात, म्हणून तिथली मंदी इतकी प्रसिद्ध आहे. कोळशाची धुरी द्यायची असेल तर ती मंदीला द्या. कबशाला धूर लागत नाही.

आता काळं लिंबू. तिकडे त्याला लूमी म्हणतात. लिंबं मिठाच्या पाण्यात उकळून उन्हात कडकडीत वाळवतात. ती आत काळी, वजनाला हलकी होतात आणि हलवली की खुळखुळतात. आंबटपणाबरोबर एक धुरकट, किंचित आंबलेला वास येतो आणि तोंडाला जी ओळखीची अरबी चव येते ती याचीच. सुईने किंवा सुरीच्या टोकाने दोन छिद्रं पाडून आख्खीच टाकायची. एकदा मी जास्त चव उतरावी म्हणून फोडून टाकली, बिया पाण्यात सुटल्या आणि अख्खं पातेलं कडू झालं. चार माणसांच्या कबशाला दोनपेक्षा जास्त नकोत.

मुंबईत असाल तर मोहम्मद अली रोडच्या मसाल्याच्या दुकानांत विचारून बघा. नाहीतर घरी करा, मी गेली काही वर्षं तेच करते. पातळ सालीची कागदी लिंबं घ्यायची, दोन मोठे चमचे मीठ घातलेल्या पाण्यात चार-पाच मिनिटं उकळायची, पुसून जाळीच्या टोपलीत गच्चीवर ठेवायची आणि रोज संध्याकाळी आत आणायची. एप्रिल-मेच्या उन्हात तीन-चार आठवडे लागतात. ज्याला बुरशी दिसेल ते फेकून द्यायचं. डझनभर लिंबं केली की वर्ष निघतं.

तोवर पहिला कबसा थांबवू नका. पाणी शिजताना एका लिंबाची साल वरवर किसून घाला, पांढरा भाग येऊ देऊ नका, आणि तांदूळ टाकायच्या आधी अर्ध्या लिंबाचा रस पिळा. धुरकट वास येणार नाही, पण आंबटपणा बरोबर जागेवर बसतो. कोकम घालून बघायचा मोह मलाही झाला होता. त्याने भात जांभळट होतो आणि चव थेट सोलकढीकडे जाते, तेव्हा ते राहू द्या.