ग्रीक ही एकच भाषा का, आणि शिकायची तर कुठून सुरुवात करावी?

तुमचे प्रश्न तीन आहेत. ग्रीक ही सलग साडेतीन हजार वर्षं चालत आलेली एकच भाषा आहे असं वाचायला मिळतं, मग आजच्या ग्रीक माणसाला प्राचीन कवी होमर कळतो का? संस्कृत आणि मराठीचं नातं तसंच हे नातं आहे का? आणि शिकायची तर आधी प्राचीन घ्यावी की आजची?

पहिल्याचं उत्तर लगेच देतो. होमर शिकल्याशिवाय कळत नाही. ग्रीसमधल्या शाळांतही इलियड आणि ओडिसी आजच्या भाषेतल्या अनुवादातूनच शिकवतात. तरीही 'सलग' हा शब्द खोटा नाही. लोकांची बोली प्रत्येक पिढीत बदलत गेली आणि लिहिणारे मात्र सतत जुन्या रूपांकडे ओढ घेत राहिले. ही ओढाताण जवळपास दोन हजार वर्षं चालली. तिच्यामुळेच भाषेचं नाव एक राहिलं आणि तिच्यामुळेच एकदा अथेन्सच्या रस्त्यावर माणसंही मेली. बाकी सगळं या एका गोष्टीभोवती फिरतं, म्हणून सविस्तर लिहितोय.

सुरुवात मातीच्या पाट्यांपासून. क्रीटमधल्या क्नोसोसला १९०० साली उत्खनन करताना आर्थर इव्हान्सना लेख असलेल्या पाट्या सापडल्या. त्यांतल्या एका लिपीला त्यांनी 'लिनिअर बी' असं नाव दिलं. ती पन्नास वर्षं कुणालाच वाचता आली नाही. अ‍ॅलिस कोबर यांनी चिकाटीने चिन्हांचे तक्ते करून पाया घातला, आणि १९५२ मध्ये मायकेल व्हेंट्रिस या पेशाने वास्तुविशारद असलेल्या तरुणाने ती उलगडली. आत निघाली ग्रीक! हे त्याला स्वतःलाही अपेक्षित नव्हतं.

लगेच सगळ्यांचा विश्वास बसला नाही. बसला तो दक्षिण ग्रीसमधल्या पायलॉसच्या एका पाटीमुळे. ती तिथल्या राजवाड्यातल्या भांड्यांची यादी आहे. शब्द लिहिला आहे 'ति-रि-पो-दे', शेजारी तीन पायांच्या भांड्याचं चित्र आणि आकडा २. पुढे 'ति-रि-पो', तसंच चित्र आणि आकडा १. म्हणजे नुसता शब्दच जुळला असं नाही, द्विवचनही जुळलं. त्याच पाटीवर पाय जळून गेलेल्या एका भांड्याची नोंद आहे. पुढे पेल्यांची यादी येते: चार कानांच्या पेल्याला 'क्वे-त्रो'ने सुरू होणारा शब्द, तीन कानांच्याला 'ति-रि'ने, आणि बिनकानाच्याला 'अ-नो-वे'. तिथे 'अ-नो' म्हणजे आपलं 'अन्'. ज्यांनी शाळेत संस्कृत घेतलं त्यांना हे सगळं ओळखीचं वाटेल, कारण दोन्ही भाषा एकाच कुळातल्या. 'क्वे-त्रो' पुढच्या काळात 'तेत्रा' झालं. आपल्याकडे ते 'चतुर्' आहे. इतक्या जुन्या काळची ग्रीक आपल्यापर्यंत आली ती काव्यातून आलेली नाही. कोठीवरच्या कारकुनाच्या हिशेबातून आली आहे.

इ.स.पू. १२०० च्या सुमारास ते राजवाडे जळाले, लिपीही गेली, आणि सुमारे चारशे वर्षं ग्रीक लिहिलीच गेली नाही. बोलली जात होती, एवढंच. मग इ.स.पू. आठव्या शतकात फिनिशियन व्यापाऱ्यांची वर्णमाला ग्रीकांनी उचलली. त्या लिपीत फक्त व्यंजनं होती. ज्या अक्षरांचे उच्चार ग्रीकमध्ये नव्हतेच ती अक्षरं त्यांनी स्वरांसाठी वापरली. 'आलेफ'चं 'आल्फा' झालं ते असं. प्रत्येक प्रदेशाची अक्षरं थोडी वेगळी होती, तशा बोलीही: आयोनिक-अ‍ॅटिक, डोरिक, इओलिक, आर्केडियन-सायप्रियट. अथेन्सने इ.स.पू. ४०३ मध्ये आयोनियाची अक्षरमाला अधिकृतपणे घेतली आणि पुढे तीच सगळीकडे चालली.

बोलींचा गुंता सोडवला तो अलेक्झांडरच्या स्वाऱ्यांनी. सैन्य, व्यापार आणि नवी शहरं यांतून अथेन्सच्या बोलीवर आधारलेली एक सर्वसाधारण भाषा तयार झाली, तिला 'कोइने' म्हणतात. अथेन्सचे खास उच्चार तिने टाकून दिले: समुद्राला अथेन्समध्ये 'थालात्ता' म्हणत, कोइनेत 'थालास्सा' झालं, आणि आजही तेच आहे. द्विवचन गेलं. बायबलमधला नवा करार याच भाषेत लिहिला गेला. ही शिकलेल्या-न शिकलेल्या सगळ्यांची भाषा होती, हा मुद्दा लक्षात ठेवा, पुढे लागेल.

कोइने आपल्या दारापर्यंत आली होती. कंदाहारला १९५८ मध्ये अशोकाचा ग्रीक आणि अरामाइक असा द्विभाषिक लेख सापडला. त्यात 'धम्म' या शब्दासाठी 'एउसेबेइया' म्हणजे श्रद्धाभाव हा ग्रीक शब्द वापरला आहे. पहिल्या शतकातलं 'पेरिप्लस' हे समुद्रप्रवासाचं पुस्तकही कोइनेत आहे. त्यात कल्याण, सोपारा, चौल, पैठण आणि तेर ही आपली गावं ग्रीक रूपांत आली आहेत, आणि भडोचच्या बाजारात ग्रीक राजा मिनँडरची जुनी नाणी अजून चालतात असंही लिहिलंय. नाशिकजवळ जोगळटेंभीला १९०६ मध्ये क्षत्रप राजा नहपानाच्या हजारो चांदीच्या नाण्यांचा साठा सापडला. त्या नाण्यांवर ग्रीक अक्षरं आहेत, पण भाषा प्राकृत! भाषा ओसरून गेल्यावरही अक्षरांचा मान उरला होता. 'द्राख्मे' या ग्रीक नाण्याचं 'द्रम्म' झालं, ते शिलाहार आणि यादवांच्या लेखांत येतं, त्याचाच 'दाम' झाला. पत्रिकेतलं 'केंद्र' आणि 'होरा' तिकडूनच आले. 'केंद्र सरकार' म्हणताना आपण ग्रीक शब्द वापरतो हे फार थोड्यांना ठाऊक असतं.

आता उच्चारांकडे येतो, कारण खरा बदल तिथे झाला आणि लेखनाने तो झाकून ठेवला. प्राचीन ग्रीकमध्ये 'फी', 'थीटा', 'खी' ही अक्षरं आपल्या फ, थ, ख सारखी महाप्राण होती. आज ती घर्षणाने उच्चारली जातात. 'फी' तर सरळ इंग्रजीतल्या एफसारखी. 'बीटा'चा ब जाऊन व झाला. स्वरांचं ऱ्हस्व-दीर्घ गेलं. सुरांचे चढउतार होते ते जाऊन साधा आघात उरला.

हे कळलं कसं? एक पुरावा मला फार आवडतो. इ.स.पू. पाचव्या शतकातल्या क्रातिनोस या नाटककाराने मेंढीचा आवाज 'बीटा' आणि 'ईटा' ही अक्षरं वापरून लिहिला आहे. तेव्हाच्या उच्चाराने तो 'बे बे' होतो. आजच्या ग्रीक उच्चाराने वाचला तर 'वी वी'. मेंढी काही बदललेली नाही. दुसरा पुरावा इजिप्तच्या वाळूतून आला. ऑक्सिरिंकस इथे १८९६ पासून निघालेल्या पपायरसच्या ढिगात सामान्य माणसांची पत्रं, अर्ज आणि पावत्या आहेत, आणि त्यांत शुद्धलेखनाच्या चुका आहेत. जो उच्चार बोलण्यात एक झाला तिथे लिहिणाऱ्याची चूक होते. अभ्यासकांनी चुकांवरूनच कालक्रम लावला. मला विचाराल तर भाषेच्या इतिहासाला पंडितांच्या व्याकरणापेक्षा या चुका जास्त उपयोगी पडल्या.

सगळ्यांत मोठी घडामोड म्हणजे सहा वेगवेगळ्या लेखनांचा उच्चार कालांतराने एकच, 'इ', झाला. त्यामुळे एक भलतीच पंचाईत झाली. 'आम्ही' म्हणजे 'हेमेइस' आणि 'तुम्ही' म्हणजे 'ह्युमेइस', दोन्हींचा उच्चार 'इमीस' होऊन बसला. आम्ही आणि तुम्ही एकच असतील तर बोलायचं कसं? लोकांनी मार्ग काढला, एकवचनाच्या धर्तीवर नवे शब्द घडवले: 'एमीस' आणि 'एसीस'. आजही तेच वापरतात.

इकडे बोली अशी पुढे जात असताना पहिल्या-दुसऱ्या शतकात विद्वानांनी उलटी दिशा धरली. चारपाचशे वर्षांपूर्वीच्या अथेन्सची भाषा हीच शुद्ध, लिहायची तर तीच, असं ठरलं. बायझंटाइन, म्हणजे पूर्व रोमन साम्राज्याच्या, काळात लेखन जवळपास या धोरणावर चाललं. बोली डोकावते ती मधूनच, 'डिगेनिस अक्रितास'सारख्या काव्यात, आणि नंतर क्रीटमध्ये १६०० च्या सुमाराच्या 'एरोतोक्रितोस'मध्ये.

१८३० मध्ये ग्रीस स्वतंत्र राष्ट्र म्हणून मान्य झालं आणि प्रश्न पुढे आला, राज्यकारभार कोणत्या ग्रीकमध्ये? आदामान्तिओस कोराइस या विद्वानांनी मधला मार्ग सुचवला होता: बोली घ्यायची, पण परके शब्द काढून, जुनी रूपं घालून 'साफ' करायची. त्यातून 'काथारेवुसा' वाढली आणि दिवसेंदिवस जास्त जुनाट होत गेली. लोकांची ती 'दिमोतिकी'. घरात पावाला 'प्सोमी', कागदावर 'आर्तोस'. पाणी 'नेरो', कागदावर 'इदोर'. शाळेत येणाऱ्या पोराला आईची भाषा चूक आहे हे आधी शिकावं लागे. कोराइसचा हेतू चांगला होता असं मी मानतो, पण या भाषेने कित्येक पिढ्यांचं शिक्षण अवघड केलं.

१९०१ मध्ये 'आक्रोपोलिस' या अथेन्सच्या दैनिकात नव्या कराराचं दिमोतिकीतलं भाषांतर छापून येऊ लागलं. भाषांतरकार आलेक्झांद्रोस पालिस हे रॅली ब्रदर्स या ग्रीक व्यापारी पेढीत नोकरीला होते आणि त्या निमित्ताने बरीच वर्षं मुंबईत राहिले होते. आपल्या शेतकऱ्यांना औषधांच्या डब्यांवरून माहीत असलेलं रॅलिस हे नाव त्याच पेढीचं. भाषांतरावरून विद्यापीठातले विद्यार्थी भडकले, नोव्हेंबरमध्ये दंगल झाली, आठ माणसं मेली, आर्चबिशपला पायउतार व्हावं लागलं आणि सरकारही गेलं. मूळ ग्रंथ सामान्यांच्या कोइनेत लिहिलेला, आणि तो सामान्यांच्या आजच्या भाषेत आणला म्हणून माणसं मेली. याचं मला अजूनही वाईट वाटतं.

पुढे १९४१ मध्ये त्रिआंताफिलिदिस यांचं दिमोतिकीचं व्याकरण आलं. १९६७ ते १९७४ ही लष्करी राजवटीची सात वर्षं काथारेवुसा पुन्हा लादली गेली, आणि त्यामुळेच ती लोकांच्या मनातून कायमची उतरली. १९७६ मध्ये दिमोतिकी अधिकृत झाली. १९८२ मध्ये उच्चाराशी संबंध न उरलेली आघाताची जुनी चिन्हं जाऊन एकच राहिलं. काथारेवुसा पूर्ण गेली असं मात्र नाही. आज अथेन्समध्ये बेकरीवर पाटी 'आर्तोपोलिओ' अशी दिसते आणि आत जाऊन माणूस 'प्सोमी' मागतो.

आता संस्कृत-मराठी. अंतर पाहिलं तर होमरची ग्रीक आणि आजची ग्रीक यांच्यात आणि संस्कृत-मराठीत तुलना होऊ शकते, पण ग्रीकमधलं अंतर बरंच कमी आहे. रोजचे कितीतरी शब्द ओळखू येतात, तीन लिंगं आहेत, विभक्तीही बऱ्याचशा टिकल्या आहेत. चतुर्थी गेली, आणि मराठीत 'लिहायला' म्हणतो तसं धातूचं रूपही गेलं, त्याऐवजी 'ना' लावून वाक्य जोडतात. मोठा फरक वेगळाच आहे. आपल्याकडे संस्कृतातून निघालेल्या प्राकृतांच्या पुढे अनेक भाषा झाल्या आणि प्रत्येकीला नाव मिळालं. लॅटिनचंही तेच झालं. ग्रीक मात्र एजियनच्या भोवती, एका साम्राज्यात आणि एका चर्चच्या धाग्यात राहिली. तिला बहिणी अशा फारशा उरल्या नाहीत. जी आहे ती त्साकोनियन, पेलोपोनेसच्या पूर्व किनाऱ्यावर लिओनिदिओच्या आसपास बोलली जाते. ती कोइनेतून न येता थेट जुन्या डोरिकमधून आली, आणि इतर ग्रीकांना ती कळत नाही. तिला आणि तुर्कस्तानात त्राबझोनजवळच्या 'रोमेइका' या ग्रीक बोलीला मोजलं की 'एकच भाषा' हे वाक्य जरा जपूनच म्हणावं लागतं.

शेवटी शिकण्याबद्दल. प्लेटो किंवा होमर वाचायचा असेल तर आजची भाषा आधी शिकून फार फायदा होत नाही, सरळ प्राचीन अ‍ॅटिकपासून सुरू करा. संस्कृत झालं असेल तर अर्धी वाट सोपी आहे: भूतकाळाचा 'अ' ('अभरत्' आणि 'एफेरे' शेजारी ठेवून बघा), आत्मनेपद, द्विवचन सगळं भेटेल. उच्चार जुनेच ठेवा. फ, थ, ख आपल्याला फुकट मिळतात, ते सोडू नका. नवा करार वाचायचा असेल तर कोइनेचं पुस्तक घ्या, ते सोपं आहे. ग्रीसला जायचं असेल, माणसांशी बोलायचं असेल, तर आजची ग्रीक घ्या आणि पहिल्या आठवड्यात 'इ'ची सहाही लेखनं पाठ करून टाका, नाहीतर शब्दकोशात एकही शब्द सापडणार नाही.