उलटवाऱ्यात जे उलटत नाही

प्रिय मित्रा,
सप्रेम आशीर्वाद.

तुझे हस्तलिखित आणि सोबतचे अस्वस्थ पत्र, दोन्ही वाचून झाले. तुझ्या कल्पित दरीत वर्षातून एकदा उलटवारा सुटतो आणि तो पोचतो तिथवर काळ सहा वर्षे मागे जातो. राखेचे पुन्हा लाकूड होते, फुटलेले मडके सांधले जाते आणि सातव्या प्रकरणात नायिकेची मेलेली आई चुलीपुढे बसलेली दिसते. तिथेच तू अडला आहेस, कारण वारा एवढे करू शकत असेल तर या दरीत कोणी कायमचे मरेलच कशाला, हा प्रश्न तुला झोपू देत नाही. त्यावर उपाय म्हणून तू वाऱ्याला नियम घालत सुटलास. वारा नदी ओलांडत नाही, अमावास्येला सुटत नाही, लोखंडाला शिवत नाही. मी मोजले, एकोणीस झाले. विसावा लिहिण्याआधी हे पत्र तुझ्या हाती पडावे म्हणून घाईने लिहितो आहे.

काय उलटत नाही, ते आधी ठरव.

सगळेच उलटले, माणसांच्या आठवणींसकट उलटले, तर तुझ्या दरीत काही घडलेच नाही. आई मेली हे आईला ठाऊक नाही, मुलीला नाही, भिंतींनाही नाही. आणि मुलीला ते आठवत असेल, तर ती आठवण वाऱ्याच्या तावडीतून सुटली कशी? या प्रश्नाला तू तीनदा बगल दिली आहेस आणि प्रत्येक वेळी एक नवा नियम जन्माला घातला आहेस.

तू विज्ञानाचा आधार मागितला आहेस, म्हणून सांगतो. न्यूटनच्या गतिनियमांना काळाची दिशा कळत नाही. प्रत्येक कणाचा वेग नेमका उलटा केला तर सारे आल्या वाटेने परत जायला हवे, हा आक्षेप भौतिकशास्त्रज्ञ लोश्मिट यांनी 1876 मध्ये बोल्ट्झमान यांच्यापुढे ठेवला होता; विस्कटलेपण वाढतच जाते, हे बोल्ट्झमान याच गतिनियमांतून सिद्ध करू पाहत होते. बोल्ट्झमान यांनी 1877 मध्ये दिलेल्या उत्तराचा गाभा असा, की विस्कटलेल्या अवस्थांची संख्या नीटनेटक्या अवस्थांपेक्षा इतकी प्रचंड असते की परतीची वाट निषिद्ध नसूनही प्रत्यक्षात कधी सापडत नाही. मात्र कथाकाराने यापेक्षा द्रवांच्या प्रवाहाचे अभ्यासक जी. आय. टेलर यांचा प्रयोग डोळ्यांपुढे ठेवावा. मी तो विद्यार्थीदशेत पाहिला. एकात एक बसवलेल्या दोन नळकांड्यांच्या फटीत ग्लिसरीन भरले होते आणि त्यात रंगाचा एक ठिपका सोडला होता. आतले नळकांडे सावकाश फिरवताच ठिपका ताणला गेला, त्याची पुसट रेघ झाली आणि शेवटी रंग कुठे होता हेही कळेना. मग तेवढेच फेरे उलटे दिले आणि ठिपका जागेवर परत आला. आम्ही टाळ्या वाजवल्या. मी जवळ जाऊन पाहिले तेव्हा त्याच्या कडा किंचित विरलेल्या होत्या, कारण रंगाचे रेणू मधल्या वेळात आपापल्या परीने पसरले होते आणि ते पसरणे उलट्या फेऱ्यांना मागे घेता आले नव्हते. तुझी कथा त्या विरलेल्या कडेत आहे. ती कड कोणती, ते ठरव.

मी हे इतक्या हट्टाने का सांगतो, तेही ऐक. माझा धाकटा भाऊ गेला त्या वर्षी मी एक कादंबरी लिहायला घेतली. तिच्यात नदी उगमाकडे वाहू लागते आणि बुडालेला मुलगा किनाऱ्यावर येतो, अगदी कोरडा, काहीच न झाल्यासारखा. चारशे पाने झाली. एका जाणत्या संपादकांनी ती वाचून विचारले, की सगळेच परत आले, तर वाचकाने कशासाठी थांबायचे? मी तीन वर्षे त्यांच्याशी वाद घातला, नियमांवर नियम रचले आणि अखेर बाड बांधून ठेवून दिले. मागे काही उरूच नये, ही माझी इच्छा होती आणि त्या इच्छेलाच मी कथेचा नियम समजलो. मात्र मृताला परत मागणारी कथा मुळातच पोरकट असते, हे त्यांचे मत मी तेव्हाही मानले नाही आणि आजही मानत नाही. चूक माझ्या रचनेत होती, मागण्यात नव्हती. तुलाही कोणी तसे म्हणेल, तेव्हा मान खाली घालू नकोस.

आता सातवे प्रकरण पुन्हा उघड. मुलगी त्या रात्री नदीपलीकडे होती, म्हणून तिची सहा वर्षे तिच्या अंगावर तशीच आहेत. ती उंबऱ्यात येते, आई चुलीवरून नजर वर करते आणि विचारते, ‘तू कोणाची गं?’ हे वाक्य तू खोडले आहेस. समासात ‘वाचक गोंधळेल’ असे लिहिले आहेस. अरे, साऱ्या हस्तलिखितात उलटवारा खरा वाटला तो तिथेच! ज्याने परत आणायचे त्याने बाहेर राहायचे, आणि बाहेर राहिलेल्याला परत आलेला माणूस ओळखणार नाही, एवढे धरलेस तर दरीतले प्रत्येक घर आपल्या मृताला का बोलावत नाही, याचे उत्तर मिळते. नदीचा नियम ठेव, उरलेले अठरा काढून टाक. ते वाक्य परत घे आणि त्याच्यापुढचे अर्धे पान नव्याने लिहून मला पाठव. मुलगी काय उत्तर देते, ते मला वाचायचे आहे.

तुझा,
एक जुना लिहिणारा